घंगाळातला वेल

उन्हाने रापलेल्या माळावर खैरापूर नावाचं गाव होतं आणि त्या गावात तांब्यापितळेच्या भांड्यांचा एक व्यापारी होता, त्र्यंबकशेठ. माणूस मोठा बोलका. गिऱ्हाईक दारात आलं की आधी पाणी, मग ख्यालीखुशाली, आणि मग कुठे भांडं. त्याचं एक वाक्य साऱ्या बाजाराला पाठ होतं : "आमचं घंगाळ सकाळी भरून उन्हात ठेवा, दुपारी आंघोळीला सरपण लागणार नाही." समोरच कोंडाबाई कुंभारणीचं दुकान. तिच्याकडे पाहून तो पुढे जोडायचा, "मातीचं काय, आज मडकं, उद्या खापर."

कोंडाबाई माठांच्या आडून म्हणायची, "खापर झालं तरी थंडच असतं, शेठ."

ही थट्टा वर्षानुवर्षं चालली होती. राग कुणालाच नव्हता.

शेठची बायको मनकर्णा डोंगरावरच्या थंड हवेच्या गावची. तिचे वडील तिथल्या एका बंगल्याची बाग राखत. बंगल्याच्या फाटकावर विस्टेरियाचा वेल होता. चैत्रात त्याला जांभळ्या फुलांचे हातभर लांब घोस लोंबायचे. लग्नाला बावीस वर्षं झाली, तिने खैरापूरच्या उन्हाबद्दल कधी कुरकुर केली नाही. पण चैत्र लागला की एकदा तरी म्हणायचीच, "आता तिकडे घोस आले असतील."

मग वडील गेले. बंगला विकला गेला आणि नव्या मालकाने वेल तोडून टाकला. बरं एवढंच, की तिच्या भावाने त्याआधीच एक कलम बांधून ठेवलं होतं. पौषात तो ते रोप घेऊन आला. "अक्का, एवढंच उरलंय," म्हणाला आणि तिच्या हातात देऊन गेला.

शेठच्या घराभोवती सगळा खडक. रोप लावायचं तर भांड्यातच. शेठने दुकानातलं सर्वांत देखणं घंगाळ काढलं, मन घट्ट केलं आणि आपल्या हाताने त्याच्या बुडाला भोकं पाडली. रोप त्यात लावून दुकानाच्या दारात मांडलं. येणारेजाणारे थांबून पाहायचे. कौतुक मात्र घंगाळाचंच व्हायचं, आणि शेठला तेही गोडच लागायचं.

फाल्गुनात वेलाला कोवळी पालवी फुटली. चैत्र सरता सरता पानांच्या कडा करपल्या. शेठने पाणी वाढवलं, वर भुईमुगाची पेंड घातली. वैशाखात पानं गळून पडली. मनकर्णा रोज खोड नखाने जरासं खरवडून पाही. एके दिवशी ती म्हणाली, "अहो, बुडाशी वीतभरच हिरवं राहिलंय."

शेठ उठला आणि तडक समोरच्या दुकानात गेला. कोंडाबाई त्याच्यासोबत आली. ऐन दुपार, सावली अजून दाराशी यायची होती. तिने घंगाळाला हात लावला आणि चटकन मागे घेतला.

"शेठ, तुम्ही गिऱ्हाइकाला रोज काय सांगता?"

"काय?"

"दुपारी आंघोळीला सरपण लागणार नाही." तिने बोटं पदराला पुसली. "वेल आंघोळ करत नाही, शेठ. उकडतोय तो."

उपाय तिनेच सांगितला. मातीची एक कुंडी, तिच्याबाहेर दुसरी मोठी कुंडी, मधल्या जागेत ओली वाळू, वरून पालापाचोळा. माठ निवतो तशी मुळं निवतील.

"चालेल," शेठ म्हणाला. "मागच्या अंगणात ठेवतो."

"मागे मावळतीचं ऊन येतं, ते भाजून काढील. याला हवं सकाळचं ऊन आणि दुपारची सावली. अशी जागा तुमच्याकडे एकच, हे दार."

तांब्याच्या दुकानाच्या दारात मातीची कुंडी! जन्मभर ज्याला खापर म्हटलं, ते गिऱ्हाइकांच्या डोळ्यांपुढे! शेठ घुटमळला. ते पाहून मनकर्णा हळूच म्हणाली, "अवघड वाटत असेल तर राहू द्या. बावीस वर्षं नाहीच पाहिला मी."

दुसऱ्या दिवशी आठवडी बाजार होता. भर बाजारात शेठने दोन्ही कुंड्या एकामागून एक स्वतः उचलून रस्ता ओलांडला. एकाने टोमणा मारलाच, "काय शेठ, तांबं महागलं का?"

घंगाळ विकलं गेलं, असं सांगून मोकळं व्हायचं शेठच्या ओठांवर आलं होतं. पण दारात मनकर्णा उभी होती.

"महागलं नाही," शेठ म्हणाला. "तापवायचं असेल ते माझ्याकडे आणा, निववायचं असेल ते कोंडाबाईकडे न्या. मी वेल चुकीच्या दुकानात ठेवला होता."

लोक हसले, शेठही हसला. कोंडाबाई मात्र उगाच एक माठ पुसत बसली.

पावसाळ्यात त्या वीतभर हिरव्याला फुटवे आले. थंडीत पानं झडली तेव्हा शेठ हबकला. मनकर्णा म्हणाली, "झोपलाय तो, झोपू द्या." पुढच्या वर्षी वेल पन्हळीपर्यंत चढला, पण नुसता पाला. शेठ पेंडेचं पोतं सोडू लागला, तशी कोंडाबाईने समोरूनच दम भरला, "फार खाल्लं की अंगच सुटतं, शेठ. फूल नाही यायचं." मनकर्णाने वडिलांचे हात आठवले आणि लांबलेले फुटवे आखूड छाटले, एकदा पावसाळ्यात, एकदा थंडीत.

चौथ्या चैत्रात दुकानाच्या दारावर पाच घोस लोंबले. मनकर्णा बराच वेळ खाली उभी राहिली. त्या वर्षी ती 'तिकडे' म्हणाली नाही. "आले," एवढंच म्हणाली.

भोकं पडलेलं घंगाळ शेठने वेलाशेजारी पालथं घातलं आहे. दुपारची सावली आली की कोंडाबाई त्याच्यावर येऊन बसते.

"बसा निर्धास्त," शेठ म्हणतो. "मातीचं असतं तर आतापर्यंत खापर झालं असतं."

"बसायला झकास आहे," ती म्हणते. "मूळ धरायला नाही."

तात्पर्य: ज्याला जगवायचं, त्याला काय सोसतं ते आधी पाहावं, आपल्याला काय शोभतं ते मागाहून.