ढलपी उचलू नये

देवाशपथ सांगतो, ही गोष्ट खरी आहे. मी पायरीवर बसून डोळ्यांनी पाहिली. पायरी नव्हती म्हणा, रानात कसली पायरी. तसा मीही नव्हतो. पण खरी आहे.

“लागली का हो, माई?”

म्हाळसामाईनं चुलीत फुंकर घालता घालता डोळे मिटून घेतले. सकाळपासून हा प्रश्न तिनं इतक्यांदा ऐकला होता, की एव्हाना तो पाखरांच्या आवाजात मिसळून जायला हवा होता. जात नव्हता.

“काय लागली?”

“बुरशी. माझ्या ढलपीला.”

“तू पुन्हा उचलून पाहिलीस.”

“जरा... एका कडेनं.”

माईच्या रानात पाचोळ्याखाली बुरशीचं पांढरं जाळं होतं. या झाडाच्या मुळापासून त्या झाडाच्या मुळापर्यंत, टेकडीभर. त्या जाळ्यात माणसाचं मन उतरवायचा विधी माईला तिच्या गुरूकडून मिळालेला.

विधी तसा साधा. वाळक्या लाकडाची ढलपी मांडीवर घ्यायची, मनात असेल नसेल ते सगळं तिला सांगायचं आणि तिला पाचोळ्याखाली ठेवून द्यायचं. बुरशीचे धागे ढलपीत शिरले की मन खाली उतरलं. मग देह कधी का पडेना.

नियम एकच. ठेवलेली ढलपी उचलायची नाही. उचलली की धागे तुटतात.

आणि या विधीला शिष्य कोण मिळावा? मनोहर खरवंडीकर. सगळी नोकरी वजनमापं खात्यात. दुकानदारानं तराजूच्या पारड्याखाली चिकटवलेली चिंच शोधण्यात हयात गेलेली.

“माई, नुसतं ठेवून द्यायचं म्हणजे... खात्री कशी करायची?”

“करायची नाही.”

“असं कसं? मी भिंग आणलंय.”

“भिंग घाल चुलीत!”

खरवंडीकरनं भिंग खिशात सारलं. मग खालच्या आवाजात म्हणाला, “वेळ नाही हो माझ्याकडे. डॉक्टर म्हणतात, यंदाची दिवाळी काही खरी नाही.”

माईला ते ठाऊक होतं. म्हणून तर हाकलला नव्हता अजून. त्याची बायको इंदुमती आपल्या शेवटच्या आजारात इथं येऊन, ढलपी ठेवून गेली होती. नवऱ्याला न सांगता. ती गेल्यावर त्याला कळलं, आणि तेव्हापासून त्याच्या डोक्यात दुसरं काही शिरलं नव्हतं.

“खाली गेल्यावर काय बोलणारेस तिच्याशी?”

“मला न सांगता का आलीस, विचारणार.”

“सांगितलं असतं तर तू भिंग घेऊन आला असतास.”

खरवंडीकर हसला नाही.

“आणि मुळात, ती खाली आहे कशावरून? तुम्ही म्हणता म्हणून?”

माईनं हातातली फुंकणी आपटली. आजवर तिच्याकडे रडके आले, भांडकुदळ आले, एक जण तर ढलपीशी बोलता बोलता घोरायला लागला होता. पण पुरावा मागणारा हा पहिलाच.

“ऊठ.”

“कुठं?”

“ऊठ म्हणते ना!”

ती फुंकणी हातात घेऊनच निघाली. एका जुन्या हिरड्याखाली थांबली. तिथला पाचोळा कुणी हलवलेला दिसत नव्हता. माईनं फुंकणीनं जागा दाखवली.

“इंदुमतीची ढलपी. उचल.”

“उचलू?”

“खात्री पाहिजे ना? धागे दिसले तर आहे ती. नाही दिसले तर नाही. बघ की! मी कशाला मध्ये?”

खरवंडीकर गुडघ्यांवर बसला. भिंग काढून सदऱ्याच्या टोकानं पुसलं. हात पुढे नेला. वरचं एक पान बाजूला केलं. खालून ओल्या मातीचा वास आला. बोटं दुसऱ्या पानापाशी गेली...

आणि तिथंच राहिली.

माई वाट बघत उभी. चुलीवरचा भात लागल्याचा वास इथवर येत होता. पण ती हलली नाही.

“तुटतील,” तो म्हणाला.

“काय?”

“धागे. असले तर.”

“आणि नसले तर?”

त्यानं ते पान पुन्हा जागेवर ठेवलं. जरा वाकडं बसलं, तर नीट केलं. भिंग खिशात टाकलं आणि झाडाला धरून उठला.

परतीच्या वाटेवर त्याची स्वतःची ढलपी होती. सकाळपासून उचलून उचलून तिथला पाचोळा पार विस्कटलेला. माई कमरेवर हात ठेवून बघत राहिली. खरवंडीकर ढलपीजवळून चालत गेला. वाकला नाही.

माई चुलीपाशी बसून करपलेला भात खरवडायला लागली. तो समोर टेकला. भिंग खिशातच राहिलं. माईला वाटलं, सुटले.

“माई, एकदाच खरं सांगा. ती खाली आहे?”

माईनं उलथनं पातेल्यात टाकलं.

“अरे बाबा, मग मघाशी तुझा हात कुणी धरला?”

यात मी पदरचं घातलंय ते एवढंच : इंदुमतीची ढलपी कुठल्या झाडाखाली होती, हे माईला आठवत होतं.