सगुणेचा शेला

एका राज्यात एक विणकराचं घर होतं. गावात कुणाचंही लग्न असो, नवरदेवाच्या खांद्यावर त्या घरचा शेला पडल्याशिवाय अक्षता पडत नसत. मग राज्य बदललं. नव्या राजाने शेला मागितला तो सिंहासनावर अंथरायला. घरचा मूळपुरुष म्हणाला, "महाराज, हा लग्नाचा शेला आहे. बसायला अंथरता येणार नाही." राजाचा जादूगार शंखचूड तिथेच होता. त्याने शाप दिला, "या घरात जो मागावर बसेल, त्याचे हात दगडाचे होतील."

मूळपुरुष गेला, राजा गेला, शंखचूडही गेला. शाप मात्र राहिला. मुलगा म्हाळोजी मागावर बसला, त्याचे हात दगड झाले. नातू येसाजी बसला, त्याचेही झाले. गावची लग्नं शेल्याविना लागू लागली.

येसाजीची मुलगी सगुणा. बापाला घास भरवताना ती एकदा म्हणाली, "आबा, मी बसते."

"नको पोरी. तुझे तरी हात राहू देत."

तेव्हा आढ्यावर बसलेला भारद्वाज पक्षी बोलला, "सगुणे, सर्पाच्या तळ्यातला रंग आण. आगीच्या डोंगरावरचा कापूस आण. मग शेला पुरा वीण. पुरा झाला तर शाप तुटेल. आजवर कुणाचा झाला नाही."

सगुणा तळ्यावर गेली. सर्पाने फणा काढून विचारलं, "कुणाच्या घरची?" तिने सांगितलं. "घेऊन जा," सर्प म्हणाला, "माझ्या लग्नात तुमचाच शेला होता."

डोंगरावर कापूस निखाऱ्यांत फुलला होता. तळवे पोळले, पण तिने ओटी भरून आणली. सूत काढलं, रंगवलं, आणि ती मागावर बसली.

अर्धा शेला झाला नि करंगळी दगड झाली. मग एकेक बोट. आडवं सूत ओवणारा धोटा हातातून गळाला. सगुणेला रडू आलं.

येसाजी उठला. लेकीशेजारी बसून आपल्या दगडी हातांनी फणी ठोकू लागला. समोर आजा म्हाळोजी बसला आणि मनगटाने धोटा ढकलू लागला. काम सावकाश चाललं, सूत तुटलं की सगुणा दातांनी गाठ मारी. अखेर काठ पुरा झाला.

दगडाला तडे गेले. आत माणसांचे हात होते.

शाप जिथून आला होता, त्या राजवाड्यात सगुणा शेला घेऊन गेली. त्या राजाचा नातू आता गादीवर होता. तो उभा राहिला, शेला कपाळाला लावून म्हणाला, "हा लग्नघरीच जाऊ दे."

घरी म्हाळोजीने कितीतरी वर्षांनी मूठ उघडली, मिटली, पुन्हा उघडली. मग तो हात सगुणेच्या गालावर ठेवला. "ऊन आहेस गं," तो म्हणाला, आणि बराच वेळ हात काढला नाही.