राजकन्येच्या वेलीचे तीन वैरी

एका राज्यात अशी रीत होती, की जे जे मोलाचे ते ते जरीच्या पडद्याआड. तलवार पडद्याआड, मुकुट पडद्याआड, आणि राजकन्या कुंतला तर पडद्याआडच लहानाची मोठी झालेली. पण मुकुट तिथे फुकट मिळत नसे. वारसाने स्वतःच्या हाताने तांबड्या भोपळ्याची वेल लावावी, तिचा भोपळा प्रजेला खिलवावा, मगच गादीवर बसावे. असे मानी राज्य ते!

त्यावर धूम्राक्ष जादूगाराचा डोळा. त्याने एका फुंकरीत राजाला सिंहासनावरच दगड केले आणि कुंतलेला बजावले, "तुझ्या वेलीचा पिकला भोपळा बापाच्या मांडीवर ठेव, तो उठेल आणि मी दगड होईन. वेलीवर मी तीन वैरी सोडतो. त्यांना आवर. पण वेलीचा एक जरी मित्र मारलास, तर तूही दगड आणि राज्य माझे."

"मान्य," कुंतला म्हणाली. तिने पदर खोचला आणि बी टोचले.

वेलीला कोवळी पाने फुटली आणि त्यांची चाळण झाली. कुंपणावर कोतवाल पक्षी बसला होता. तो म्हणाला, "राजकन्ये, टिपू का सगळे किडे?"

"नको. रीत माझ्या हातांची आहे."

ती पानापाशी वाकून बसली. तांबडे, लांबट भुंगेरे पाने कुरतडत होते. हात लावताच ते टपकन खाली पडून मातीत दडत. मग ती भल्या पहाटे आली. गारठ्याने भुंगेरे सुस्तावले होते. तिने खाली रिठ्याच्या पाण्याचे घंगाळ धरले आणि वेल हलवली. पहिला वैरी बुडाला.

मग पाने आक्रसली, चिकट झाली. पान उलटून पाहते तो हिरवा मावा रस शोषत बसलेला! आणि त्यातच एक लाल किडा. कुंतलेची बोटे चिमटीला गेली. पण हा गोल होता, पाठीवर काळे ठिपके होते आणि तोंडात पान नव्हते, मावा होता. हा तर वेलीचा मित्र! ठिपकेवाल्याला तिने अलगद शेजारच्या पानावर ठेवले, मावा रिठ्याच्या पाण्याने धुतला आणि उरलेला त्याच्या जेवणाला सोडला.

तिसरी वैरीण फळमाशी. ती कोवळ्या फळात अंडी घाली, आतून अळ्या पडत, फळ सडून गळे. कुंतलेने सडकी फळे खोल पुरली आणि राजघराण्याला शोभेलसे केले. साऱ्या वेलीवर जरीचा पडदा घातला! माशी आत येईना, पण फळही धरेना. फुलामागच्या इवल्या गाठी पिवळ्या पडून गळू लागल्या. अशी गाठ असलेली शेवटची एकच कळी उरली.

"वैरी तर बाहेर आहे. मग कोण मारते आहे हिला?" तिने विचारले.

"बाहेर आणखी कोण आहे, ते पाहा," कोतवाल म्हणाला.

पडद्यावर मधमाश्या डोके आपटत होत्या. कुंतलेला रडू कोसळले. मित्रांना दाराबाहेर ठेवून तिने वेल उपाशी मारली होती. तिने पडदा ओढून फाडला. पिढ्यान्‌पिढ्यांची रीत एका झटक्यात गेली. सकाळी कळी उमलली आणि शेजारच्या नरफुलाच्या परागात लोळून आलेली मधमाशी तिच्यात शिरली. फूल मिटल्यावर मात्र कुंतलेने इवल्या फळाला पडद्याच्याच चिंध्यांची पिशवी बांधली. माशी घिरट्या घालून थकली.

भोपळा पिकला. सारी प्रजा पाहत असता कुंतला उघड्या चेहऱ्याने, मान ताठ ठेवून दरबारात आली आणि तो तिने राजाच्या मांडीवर ठेवला. राजाने डोळे उघडले. त्याच क्षणी धूम्राक्षाचा शाप त्याच्यावरच उलटला. बागेत वेलीपाशी टपलेला तो तिथेच दगड होऊन उभा राहिला. कोतवाल त्याच्या डोक्यावर जाऊन बसला.

त्या दिवशी त्या भोपळ्याचे घारगे तळून प्रजेला वाटले गेले. राजाने पहिला घास घेतला आणि विचारले, "कोणाच्या वेलीचा?"

"माझ्या," कुंतला म्हणाली.

राजाने आपल्या हाताने मुकुट तिच्या डोक्यावर ठेवला. त्यावर पडदा मात्र कोणी घातला नाही.