झारीची टोपी

फार जुनी गोष्ट आहे, समुद्राचा नकाशा अजून कुणी काढला नव्हता तेव्हाची. एका कोळीवाड्यात त्या वर्षी जाळ्यात मासळी येईना. यायची ती नुसती जेलीफिश. कोळी तिला झार म्हणत. दिसायला काचेची टोपी, पण टोपीखालचे लोंबते दोरे अंगाला लागले की आगीचा डोंब उसळे.

वाळूवरची एक झार मेलेली म्हणून गावच्या पाटलांनी उचलली. मेलेली ती होतीच, पण तिचा डंख जिवंत होता. त्यात पाटलांनी हात वाळूने खसाखसा चोळला. हाताचा भोपळा झाला.

"अमावस्येला होड्या फोडून चुलीत घाला," पाटील म्हणाले. "आपण डोंगरापलीकडे जाऊ."

पाटलांची लेक पुढे आली. समुद्र सोडून तिला झोपसुद्धा लागत नसे.

"तोवर मला बघू द्या, बाबा. एवढी झार फुकट आली आहे, खाता येते का ते तरी बघू."

गाव हसलं. कोळ्याच्या पोरीला विद्या एकच, उन्हात वाळवायची. तिने काठीने झारी उचलल्या आणि बोंबलांसारख्या दोरीवर टांगल्या. संध्याकाळी दोरी रिकामी आणि खाली वाळू ओली.

"वाढ की आता," शेजारणी म्हणाल्या.

ती रडवेली होऊन पाण्याकाठी बसली. तिथे एक म्हातारी कासवीण डोळे मिटून झार चावत होती.

"आजी, डोळे का मिटतेस?"

"माझं तोंड जाड आहे, डोळे नाहीत," कासवीण म्हणाली. "तू माझी नक्कल करू नकोस. सगळ्याच झारी खायच्या नसतात, ही पांढरी तेवढी घे. हाताला फडकं गुंडाळ, दोरे कापून टाक, टोपी ठेव. आणि तिच्यातलं पाणी उन्हाने नाही, मीठ-तुरटीने काढ. घाई केलीस तर पस्तावशील."

पोरीने घाई केली नाही. मीठ-तुरटी बदलत राहिली, तशी टोपी पातळ आणि चिवट होत गेली.

अमावस्येला लोक कुऱ्हाडी घेऊन किनाऱ्यावर आले. तिने टोप्या धुऊन धुऊन खारटपणा काढला, बारीक चिरल्या, त्यांत कोकमाचं आंबट आगळ आणि ओलं खोबरं घातलं. पहिला घास तिने स्वतः खाल्ला. कुरुमकुरुम आवाज सगळ्यांनी ऐकला.

पाटलांनी सुजलेला हात पुढे केला. "वाढ."

मग शेजारणींनीही पानं पुढे केली. कुऱ्हाडी वाळूत पडल्या, होड्या पाण्यात गेल्या. पुढे डोंगरापलीकडचीच माणसं तांदळाच्या बदल्यात झार न्यायला त्या किनाऱ्यावर येऊ लागली.

तात्पर्य: संकटाची नांगी कुठे आहे हे ज्याने ओळखलं, त्याला गाव सोडावं लागत नाही.