हाकवारा

एका राज्यात सगळा कारभार आवाजावर चाले. भिंत उभी करायची तर गवंडी आधी गात, मग विटा रचत. शेतात बियांऐवजी ओव्या पेरत, आणि ओवी जमली तर जोंधळा टच्च भरे. बेसूर शेतकऱ्याचे मात्र हाल कुत्रं खात नसे, बरं का!

अशा या सुखी राज्याला एकच भय होते, हाकवाऱ्याचे. दर वैशाखात भर दुपारी डोंगरामागच्या दरीतून तो सुटे आणि दारोदार फिरून आपल्याच माणसांच्या आवाजात हाका मारी. ओ दिली की माणूस गेलाच. उघड्यावर सापडला तरी गेलाच. म्हणून राजाच्या पणजोबांनी कायदा केला होता: वारा सुटला की दारे लावा, कानांत कापूस घाला, आणि सख्ख्या आईने हाक मारली तरी ओ देऊ नका.

त्या राज्यात हौसा नावाची बाई होती. घंटा ओतायचे काम करी. सात वर्षांपूर्वी तिचा नवरा येसाजी बाजारातून परतताना वाऱ्यात सापडला. धावत घरापर्यंत आला आणि दारावर थापा मारू लागला.

"अगं हौसे, दार उघड!"

हौसाचा हात कडीवर गेला. पण वारा असाच फसवतो, हे ती लहानपणापासून ऐकत आली होती. तिने ओठ घट्ट मिटले. दुसरी हाक आली. तिसरी आली, ती लांबून. वारा पडल्यावर तिने दार उघडले, तर उंबऱ्यापाशी त्याच्या वहाणा होत्या आणि बाजारातून आणलेले कलिंगड फुटून पडले होते.

तेव्हापासून दर वैशाखात वाऱ्यातून तीच हाक येई. गाव कानांत कापूस घाली आणि हौसा आपला काढून ठेवी. दाराला पाठ लावून ती ऐकत बसे. ओ देण्याचे धाडस होत नसे, पण त्या एका दुपारसाठी ती वर्षभर जगे.

यंदा वाऱ्याने कहर केला. देवळाचा कळस नेला, राजवाड्याचे छप्पर नेले. राजा नादसेनाने दवंडी पिटली: जो वारा थांबवील त्याला अर्धे राज्य. तीन मांत्रिक आले. पहिल्याने वाऱ्याला रिंगणात कोंडू पाहिले, दुसऱ्याने कुपीत भरू पाहिले, तिसऱ्याने नुसत्याच शिव्या घातल्या. तिघेही आपापल्या शिष्यांना हाका मारत उडून गेले. शिष्य कसले ओ देतात! वाऱ्यात तीन हाका तेवढ्या वाढल्या.

हौसाला अर्धे राज्य काय करायचे होते? तिला नवरा हवा होता. संध्याकाळी वारा पडला तशी ती दरीत उतरली. तिथे वाळक्या उंबरावर एक भारद्वाज पक्षी बसला होता.

"बाई, कोणाला शोधतेस?"

"माझ्या धन्याला. दर वर्षी आवाज ऐकते त्यांचा."

"इथे माणूस कोणी नाही. नुसत्या हाका आहेत, ओ न मिळालेल्या. एकटा कोणी ओ देतो तेव्हा साऱ्याच त्याच्यावर तुटून पडतात. तुम्ही गप्प बसता, म्हणून दरी भरत चालली आहे."

हौसाची सात वर्षांची आशा होती ती, एका वाक्यात गेली. तिने विचारले, "मग आता काय करू?"

"तीन कामे कर. इथल्या हाका ऐकून घे. ज्याची हाक त्याच्या घरी पोचव. आणि वारा आला की सगळ्यांनी एकदम आपापल्या हाकेला ओ द्या. ओ मिळालेली हाक विझते, पुन्हा येत नाही."

"माझी तेवढी राहू दे हो. एकच तर आहे."

"एक उरली तर पुढे तिचाच वारा होईल. शेजारणीची पोरे नेईल तो."

रात्रभर दरीत बसून तिने हाका ऐकल्या आणि दुसऱ्या सकाळपासून दारोदार फिरली. म्हाताऱ्या सोनाराला सांगितले, "तुमचा लेक पाणी मागतोय." कोष्टिणीला सांगितले, "तुझी जाऊ विचारतेय, अजून राग आहे का?" ज्याला हाक होती ते माणूसच उरले नव्हते, तर ती हाक तिने त्याच्या नातवंडांना दिली. वारा आला की सगळ्यांनी एकदम ओ द्यायची, असे प्रत्येकाला बजावून शेवटी ती दरबारात गेली.

"महाराज, दरीत तुमचीही एक हाक आहे. लहान मुलगी आहे. 'दादा, थांब ना' म्हणते."

राजाने धाकट्या बहिणीची हाक ओळखली. "कायदा आमच्याच घराण्याचा आहे, हौसाबाई."

"हाकही तुमच्याच घरातली आहे, महाराज."

त्या दुपारी वारा आला तेव्हा राज्यातले एकूण एक दार सताड उघडे होते. दारोदार ओ उठली. कोणी हुंदका देत ओ दिली, कोणी ओरडून. मुकुट काढून वेशीत उभा राहिलेला राजा म्हणाला, "ओ, थांबलो गं." वारा ओसरत गेला. शिष्यांनीसुद्धा ओ दिली, जरा उशिराच.

अखेर एकच हाक उरली.

"अगं हौसे, दार उघड!"

हौसाने ओ दिली नाही. तिला ऐकायचे होते. हाक पुन्हा आली. गाव श्वास रोखून बघत होते, पण घाई कर असे कोणी म्हणाले नाही. तिसऱ्यांदा हाक आली तेव्हा आवाज दमलेला होता, दिवसभर चालून आलेल्या माणसाचा असतो तसा. इतकी वर्षे आपण यांना दाराबाहेर उभे ठेवले, हे तेव्हा तिच्या ध्यानात आले.

"ओ," हौसा म्हणाली. "उघडलं हो. या. चुकले मी, या आत."

झुळूक घरात आली, ओतलेल्या घंटांवरून फिरली आणि थांबली. हौसा उंबऱ्यावर बसून ढसाढसा रडली. तो आवाज आता तिला कधीच ऐकू येणार नव्हता.

राजाने त्याच दिवशी जुना कायदा मोडला आणि पहिल्या हाकेला ओ देण्याचा नवा केला. संध्याकाळी तो अर्ध्या राज्याचा कागद घेऊन स्वतः हौसाच्या अंगणात आला. दार उघडेच होते, तरी बाहेर थांबून त्याने हाक मारली.

"हौसाबाई, आहात का घरात?"

हौसाने पदराने डोळे पुसले.

"ओ, आले!"