नाव झाकलेली कविता

सुमतीबाई चौगुले मासिक चालवायच्या, आणि त्यांचा एक हट्ट होता. आलेल्या कवितेखालचं नाव झाकायचं आणि मगच ती वाचायची. मग कवी कुणी का असेना!

दिवाळी अंकाच्या ऐन घाईत साखर कारखान्याचे चेअरमन आप्पासाहेब मगदूम चार माणसं घेऊन कचेरीत घुसले. स्वतःची कविता त्यांनी टेबलावर आपटली.

"पहिल्या पानावर हीच आली पाहिजे. ही जागा माझ्या मालकीची आहे, बाई. नाही छापलीत तर उद्या कुलूप लावीन."

बाईंनी नावावर तळहात ठेवून कविता शेवटपर्यंत वाचली.

"छापते की! पहिल्याच पानावर छापते. फक्त खाली तुमचं नाव घालणार नाही."

आप्पासाहेब उसळले. "खुळ्या झालात काय? माझं नाव नसलं तर ही कविता वाचणार कोण?"

मागे उभी असलेली माणसं हसू दाबत भिंतीकडे वळली.

बाईंनी कागदावर 'साभार परत' लिहून तो त्यांच्या हातात दिला.

"परतीचं कारण मला सांगावं लागतं, आप्पासाहेब. आज ते तुम्हीच सांगितलंत. आता खुशाल कुलूप आणा. अंक मी रस्त्यावर बसून काढीन."