कोतवालाचं रिंगण

एका शहराला कुत्र्यांची भारी हौस होती. घरोघरी कुत्रा आणि रस्त्यावर पावलोपावली त्याचा प्रसाद. अंगणं मात्र लख्ख! उंबरठ्याबाहेरचा रस्ता कुणाचाच नव्हता ना. विचारलं की प्रत्येकाचं उत्तर एकच, "आमच्या कुत्र्याचं नव्हे."

शहराचे कोतवाल रंगराव यांनी यावर तोड काढली. घाण दिसली की शिपायाने तिच्याभोवती चुन्याचं पांढरं रिंगण काढायचं. लोकांनी ते बघून चालायचं. लोक खूश झाले, कारण वाकायचं कुणालाच नव्हतं. वर्षभरात रस्त्यावर रिंगणंच रिंगणं झाली.

रंगरावांचाही शमशेर नावाचा उंचापुरा कुत्रा होता. तो रस्त्यात बसला की रंगराव आभाळाकडे बघत.

एके दिवशी सकाळी रंगरावांचा जीव थाऱ्यावर नव्हता. लेक सगुणा पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती आणि पहाटेपासून तिला कळा येत होत्या. घरात बसवेना म्हणून ते शमशेरला घेऊन बाहेर पडले. घरासमोरच्या वळणावर शमशेर बसला. रंगरावांनी आभाळ बघितलं, शिपायाला रिंगणाची खूण केली आणि ते परत आले.

सुईण तानूबाईंना निरोप जाऊन बराच वेळ झाला होता. रंगराव दारात जात, परत येत, पागोटं काढत, पुन्हा घालत. तेवढ्यात बाहेर आरडाओरडा झाला आणि ते धावत वळणावर गेले.

तानूबाई धावत येताना वळणावर घसरून पडल्या होत्या. भर उन्हात ते पांढरं रिंगण त्यांच्या म्हाताऱ्या डोळ्यांना दिसलंच नाही. पाय मुरगळला, लुगडं बरबटलं. गल्ली जमा झाली, पण हात कुणी पुढे करेना. नाकाला पदर, उपरणं लावून जो तो म्हणे, "आमच्या कुत्र्याचं नव्हे."

"कुणाचं ते मागाहून ठरवा!" तानूबाई ओरडल्या. "आधी मला उचला. आत पोर तळमळतेय!"

शिपाई रंगरावांकडे बघत होता. त्याला सगळं ठाऊक होतं. आतून सगुणाची किंकाळी आली. रंगरावांची नजर सवयीने आभाळाकडे गेली. मग त्यांनी मान खाली घातली.

"माझ्या शमशेरचं आहे," ते म्हणाले. वाकले आणि तानूबाईंना त्यांनी पाठीवर घेतलं. जे सुपलीने उचलायची लाज वाटत होती, ते आता त्यांच्या जरीच्या अंगरख्याला, मानेला, हातांना लागलं.

आत शिरताच तानूबाई म्हणाल्या, "कढत पाणी आणा. हे सगळं धुतल्याशिवाय मी लेकीला हात लावायची नाही."

घागरीमागून घागर ओतली जात होती आणि दाराआड सगुणा आईला हाका मारत होती. रंगरावांना रडू फुटलं.

शेवटी एकदाचं बाळाचं रडणं ऐकू आलं. तानूबाई लंगडत बाहेर आल्या. "मुलगी झाली. दोघी सुखरूप आहेत. पण चालायला लागली की हिला कुठल्या रस्त्यावर सोडणार, कोतवालसाहेब?"

राख आणि सुपली घेऊन रंगराव वळणावर गेले आणि सगळ्या गल्लीदेखत वाकून त्यांनी रिंगण रिकामं केलं. मग समोरचा एक म्हातारा घरात गेला आणि आपली सुपली घेऊन बाहेर आला.

तात्पर्य: आपल्या घाणीभोवती रिंगण काढून सुटका होत नाही. ती आपली म्हणून वेळीच वाकून उचलावी, नाहीतर एक दिवस ती आपल्याच माणसाच्या वाटेत आडवी येते.